रहीम चाचांचं माप

आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर महिन्यातून एकदा तरी एक म्हातारा येतो. सेक्रेटरी विचारतात, "गच्चीची किल्ली शेवटी कुणी नेली होती?" अठ्ठावीस घरांतून कुणी हूं की चूं करत नाही. मग कुणीतरी एक स्टिकर टाकतं. पांढरी दाढी, डोक्याला टोपी, नजर भलतीकडेच लागलेली आणि खाली एक ओळ. लगेच हसऱ्या चेहऱ्यांची रांग लागते. किल्लीचा विषय तिथेच राहतो.

ती ओळ इथे लिहून दाखवायची गरज नाही. वाचणाऱ्याने ती मनात म्हटलीसुद्धा असेल, आणि तीही त्याच थकलेल्या, लांबवलेल्या आवाजात. वर्गात मास्तर अचानक शिरले, भारताची तिसरी विकेट पडली, लग्नात जेवणाची पंगत रखडली की ती हमखास येते. पन्नास वर्षांत तिच्यातलं रडू पार सुकून गेलंय. मूळ प्रसंगात हा प्रश्न विचारणाऱ्या आंधळ्या बापापासून चार पावलांवर त्याच्या मुलाचं प्रेत पडलेलं आहे, हे स्टिकर पाठवणाऱ्याच्या ध्यानीमनीही नसतं. त्याला काय बोलणार, मीही तो पाठवलेला आहे.

या म्हाताऱ्याचं नाव अवतार किशन हंगल. पडद्यावर ए. के. हंगल. सव्वादोनशेच्या आसपास चित्रपट, त्याआधी आणि त्याबरोबर रंगभूमीवर काढलेली कित्येक वर्षं, स्वातंत्र्यलढा, तुरुंगवास, पद्मभूषण. लोकांच्या लक्षात राहिले ते 'शोले'मधले रहीम चाचा, आणि त्यांचंही एवढं एक वाक्य. नटांच्या बाबतीत हे नेहमीचंच. पण सगळं गाव गप्प का म्हणून विचारणारा हा म्हातारा ज्याने उभा केला, तो माणूस स्वतः कधी गप्प बसला नव्हता आणि त्याची किंमत त्याने वेळोवेळी मोजली होती. ते आयुष्य एकदा सलग सांगावंसं वाटलं.

*

हंगल म्हटलं की मराठी माणसाला आधी गंगूबाई आठवतात. मग धारवाड, हुबळी, किराणा घराणं. लहानपणी मीही या नटाला कानडीच समजत होतो, आणि 'शोले'चं चित्रीकरण बंगळूरजवळ रामनगरच्या खडकांत झालं हे कळल्यावर तर माझी खात्रीच पटली. प्रत्यक्षात हे घराणं काश्मिरी पंडितांचं. जन्म सियालकोटचा, विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातला. वाढले पेशावरला. पृथ्वीराज कपूरांचं घर त्याच शहरात होतं आणि दिलीपकुमार जन्मले तेही तिथेच. हिंदी सिनेमाला पेशावरने इतकं दिलं आहे की त्या गावाचा वेगळा इतिहास लिहायला हवा.

घरात चालत आलेली वाट सरकारी नोकरीची. इंग्रजी शिकावं, कचेरीत चिकटावं, निवृत्तिवेतन घ्यावं. पण त्या काळचं पेशावर म्हणजे खान अब्दुल गफार खानांच्या खुदाई खिदमतगारांचं शहर. 23 एप्रिल 1930 रोजी किस्साखानी बाजारात नि:शस्त्र जमावावर इंग्रजांनी गोळीबार केला. गढवाल रायफल्सच्या शिपायांनी गोळ्या झाडायला नकार दिला आणि त्याची शिक्षा भोगली. हंगल तेव्हा त्याच शहरात मोठे होत होते. स्वातंत्र्य चळवळीत ते ओढले गेले आणि सरकारी नोकरीची वाट कायमची बंद झाली.

पोटासाठी त्यांनी निवडलं शिवणकाम. पंडितांच्या घरातला, हुद्देदारांच्या पिढ्यांतला मुलगा गळ्यात टेप टाकून लोकांची मापं घ्यायला लागला. तेव्हाच्या घरांत यावर काय बोललं गेलं असेल याची कल्पना करायला पेशावरला जायला नको. आपल्याकडच्या कुठल्याही वाड्यात तेच बोललं गेलं असतं. शिवणकामाच्या जोडीला गाणं होतं आणि हौशी नाटक होतं. पेशावरच्या एका संगीत-नाटक मंडळीत ते 1936 च्या सुमाराला उभे राहिले. म्हणजे नटाची सुरुवात सिनेमाच्या तीस वर्षं आधीची आहे.

पुढे घर कराचीला गेलं. तिथे हंगल कम्युनिस्ट पक्षाच्या कामात शिरले. फाळणी झाली तेव्हा बहुतेक हिंदू घरं बाहेर पडायच्या तयारीत होती, आणि हा माणूस पक्षाच्या कामामुळे नव्या देशाच्या तुरुंगात होता. 1947 ते 1949 ही वर्षं कराचीच्या कोठडीत गेली. सुटल्यावर मुंबई. चाळिशीकडे झुकलेलं वय, गाव मागे राहिलेलं, हातात कातरीची कला.

*

मुंबईत आल्यावर त्यांनी दोन गोष्टी शोधल्या : शिवणकामाचं काम आणि इप्टा.

इप्टा, म्हणजे इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशन, 25 मे 1943 रोजी मुंबईतच, मारवाडी विद्यालयाच्या सभागृहात स्थापन झालेली. बंगालचा दुष्काळ, महायुद्ध आणि गिरणगावचे लढे या सगळ्यांतून आलेली ही नाट्य-गीत चळवळ. आपल्या अण्णाभाऊ साठे, अमर शेख, गवाणकर यांचं लाल बावटा कलापथक त्याच प्रवाहातलं. पण हंगल मुंबईत पोचले तेव्हा चळवळीला ओहोटी लागली होती. पक्षावर बंदीचे घाव बसले होते, माणसं पांगली होती, कुणी तुरुंगात तर कुणी सिनेमात. मुंबईची इप्टा पुन्हा उभी करणाऱ्यांत हंगल होते. बलराज साहनी आणि कैफी आझमी हे त्यांचे सोबती. पुढे इप्टाने पु. ल. देशपांड्यांच्या नाटकावरून 'शतरंज के मोहरे' केलं आणि ते वर्षानुवर्षं चाललं. म्हणजे हिंदी बोलणारी ही मंडळी मुंबईत राहून मराठीशी फटकून नव्हती.

दिवसा दुकान, रात्री तालीम. हे सोळा-सतरा वर्षं चाललं.

टेलर मास्तर लोकांकडे कसं बघतो हे कधी निरखलंय? आपण आरशात चेहरा बघतो, तो खांदे बघतो. एक खांदा उतरता असेल तर त्याला ते पहिल्या नजरेत दिसतं, आणि तो गिऱ्हाइकाला ते न सांगता खडूची रेघ अर्धा इंच खाली ओढतो. पोट आत ओढून उभ्या राहिलेल्या माणसाचं माप घेताना तो गप्पा काढतो, म्हणजे श्वास सुटतो आणि खरं पोट टेपमध्ये येतं. कोट अंगावर बसला की गिऱ्हाईक म्हणतं, वा, मी बारीक झालो. हंगलांचं काम बघताना मला हे सारखं आठवतं. भूमिकेतला माणूस जिथे उतरता आहे तिथे ते बोट ठेवत नाहीत, कापड तेवढं बेताने सोडतात. त्यांची कुठलीच भूमिका अंगाला काचत नाही.

*

1966 मध्ये बासू भट्टाचार्यांचा 'तीसरी कसम' आला. त्यात हंगल राज कपूरच्या थोरल्या भावाच्या छोट्याशा कामात होते. वय पन्नाशीच्या आसपास. ज्या वयात सरकारी कारकून निवृत्तीला किती वर्षं उरली ते बोटांवर मोजायला लागतो, त्या वयात हा गृहस्थ नव्या धंद्यात शिरला. पुढल्या वर्षी 'शागिर्द'. त्यानंतर कामं येतच राहिली.

त्यामुळे हिंदी सिनेमात हंगल जन्मले तेच म्हातारे. तरुणपणीचा त्यांचा एकही फोटो प्रेक्षकांच्या डोळ्यांपुढे नाही. अशोककुमारांचं म्हातारपण बघताना मागे 'किस्मत'चा देखणा चोर उभा असतो; बलराज साहनींच्या मागे 'दो बीघा ज़मीन'चा रिक्षावाला धावत असतो. हंगलांच्या मागे पडद्यावर कुणीच नाही. त्यांचं तारुण्य पेशावर-कराचीत खर्च झालं आणि त्याचं चित्रीकरण कुणी केलं नाही.

हृषीकेश मुखर्जींनी त्यांना ओळखलं. 'गुड्डी' (1971) मध्ये जया भादुरीचे वडील. 'बावर्ची' (1972) मध्ये शांतिनिवास नावाच्या भांडकुदळ घरातले थोरले चिरंजीव : दिवसा कचेरी, संध्याकाळी बाटली, आणि वरच्यावर म्हाताऱ्या बापाची बोलणी. 'अभिमान' (1973) मध्ये पुन्हा जयाचे वडील. यातलं 'बावर्ची'चं काम मला सगळ्यांत आवडतं, कारण तिथे ते सज्जन म्हातारे नाहीत. ते कंटाळलेले मध्यमवयीन गृहस्थ आहेत, खोटं बोलतात, चिडतात, आणि राजेश खन्नाच्या स्वयंपाक्याने आपलं गुपित ओळखलंय हे कळल्यावर त्यांचा चेहरा शाळकरी मुलासारखा पडतो.

1973 हे साल त्यांच्या कारकिर्दीत निराळं काढून ठेवावं असं आहे. त्या वर्षीच्या 'नमक हराम'मध्ये ते बिपिनलाल झाले, कारखान्यातले प्रामाणिक कामगार पुढारी. मालकाचा मुलगा आपल्या मित्राला कामगाराच्या वेषात आत घुसवतो आणि युनियनच्या गादीवरून या बिपिनलालला खाली खेचतो. पुढे तोच मित्र, म्हणजे राजेश खन्ना, बिपिनलालच्या प्रामाणिकपणापुढे वाकतो. मुंबईत त्या काळी संप, टाळेबंदी, युनियनमधली फाटाफूट हे रोजच्या वर्तमानपत्राचं पहिलं पान होतं. दिग्दर्शकाला कामगार पुढाऱ्याचं सोंग घेणारा नट हवा होता, आणि आला तो ज्याने त्या विचारापायी तुरुंग पाहिलेला. हंगलांच्या बिपिनलालमध्ये कुठेही मूठ आवळलेली नाही, घसा ताणलेला नाही. मला वाटतं, खऱ्या सभा पाहिलेल्या माणसालाच हे सुचतं. खोटे पुढारी ओरडतात.

त्याच वर्षीचा एम. एस. सथ्यूंचा 'गर्म हवा'. इस्मत चुगताईंची कथा, कैफींचं लेखन, इप्टाची माणसं, आणि बलराज साहनींचं अखेरचं थोर काम. एप्रिल 1973 मध्ये ते गेलेच. आग्र्यातल्या मिर्झा कुटुंबाची ही फाळणीनंतरची गोष्ट. त्यात हंगल झालेत अजमानी साहेब, सिंधमधून उखडून आलेले व्यापारी. मिर्झांची हवेली हातून जाते ती या अजमानींकडे. दुसरा कुठला सिनेमा असता तर हा खलनायक झाला असता. इथे तो दोन्हीकडून पोळलेला, संकोचलेला माणूस आहे. घर गमावलेल्याने घर गमावणाऱ्याचं घर घ्यायचं, आणि वर त्याच्याशी माणुसकीने वागायचं. कराची सोडून आलेल्या हंगलांना या कामासाठी कुणी काही समजावून सांगितलं असेल असं वाटत नाही.

*

मग आलं 1975.

जानेवारीत 'दीवार'. सगळ्यांना त्यातला पूल आठवतो, गोदी आठवते, बिल्ला आठवतो. पण पोलीस अधिकारी रवी, म्हणजे शशी कपूर, पळणाऱ्या एका पोरावर गोळी झाडतो आणि जवळ गेल्यावर कळतं की पोराने पाव चोरला होता, हा प्रसंग आठवा. रवी खाण्याचं काही घेऊन त्या पोराच्या घरी जातो. आई त्याला फाडून खाते. मग आतून बाप येतो, निवृत्त शाळामास्तर, आणि म्हणतो की चोरी पावाची असो की लाखांची, चोरी ती चोरीच. रवी पुढे सख्ख्या भावावर हत्यार उचलतो, त्याचं बळ इथून येतं. अमिताभच्या आगीपुढे टिकेल असं वजन सिनेमाला दुसऱ्या पारड्यात हवं होतं. ते चार मिनिटांत टाकायला सलीम-जावेदनी मास्तर लिहिला आणि तो मास्तर झाले हंगल.

फेब्रुवारीत गुलजारांचा 'आंधी', त्यात हॉटेलातले वृंदा काका. जूनमध्ये आणीबाणी लागली. 15 ऑगस्टला 'शोले'.

रामगढ नावाचं गाव नव्हतंच. कला-दिग्दर्शक राम येडेकरांनी ते रामनगरच्या टेकड्यांखाली उभारलं : घरं, देऊळ, मशीद. त्या मशिदीचे आंधळे इमाम म्हणजे रहीम चाचा. त्यांचा एकुलता मुलगा अहमद, म्हणजे आपले सचिन. 'हा माझा मार्ग एकला'चा बालनट तेव्हा सोळा-सतरा वर्षांचा होता.

या बापलेकांची गोष्ट फार थोड्या वेळात सांगितली आहे, आणि तिचा खरा काटा बहुतेकांच्या लक्षात राहत नाही. जबलपूरच्या विडी कारखान्यात अहमदला काम मिळतंय, तसं पत्र आलंय. त्याला जायचं नाही. आंधळ्या बापाला कुणाच्या भरवशावर टाकून जायचं? पाठवण्याचा हट्ट बापाचा आहे. बसंतीला मध्ये घालून तो मुलाचं मन वळवतो. मुलगा निघतो आणि वाटेत गब्बरच्या माणसांच्या हाती लागतो. म्हणजे पुढचं जे काही होतं, त्याची सुरुवात बापाच्या मायेनेच झालेली आहे. रहीम चाचा हे कुठेच बोलून दाखवत नाहीत. लेखकांनी ते वाक्य दिलेलं नाही, आणि नटाने ते मागितल्याचं जाणवत नाही. पण पुढच्या प्रसंगात त्यांची मान ज्या पद्धतीने खाली जाते त्यात मला ते दिसतं.

अहमदचा खून पडद्यावर दिसत नाही. तो चित्रित झाला होता, पण संकलनात गेला. राहिलं ते एवढंच : गब्बर हातावर चढलेल्या मुंगीकडे बघतो आणि तिला चिरडतो. 'शोले'ला फिल्मफेअरचा एकच पुरस्कार मिळाला आणि तो संकलक माधव शिंद्यांना, हे उगाच नव्हे. खून कापल्यामुळे एक विलक्षण गोष्ट घडली. मुलाचं काय झालं हे प्रेक्षकालाही त्याचं कलेवर घोड्यावरून गावात येतं तेव्हाच पुरतं कळतं. गाव गोळा होतं. आणि मग मशिदीकडून काठी टेकत, हात पुढे धरून तो आंधळा बाप येतो. गावाला दिसतंय, आपल्याला दिसतंय, फक्त त्याला दिसत नाही.

आता तो प्रश्न पुन्हा ऐका. हंगल तो भीतीने विचारत नाहीत. त्यांच्या आवाजात सुरुवातीला नुसती चौकशी आहे, जरा कौतुकसुद्धा : इतकी माणसं जमल्याची चाहूल आहे आणि कुणी बोलत कसं नाही? आंधळा माणूस आवाजांवर जगतो; गप्प गर्दी त्याला फक्त चमत्कारिक वाटते. भीती नंतर येते, कुणी उत्तर देत नाही तेव्हा. पुढे कुणीतरी त्यांना हाताला धरून नेतं, हात चाचपडत प्रेतापर्यंत जातो, आणि तिथे कळतं. प्रश्नाच्या क्षणीच जर त्यांनी आवाज कापरा केला असता तर पुढे काही उरलंच नसतं. पण गंमत बघा, तो प्रश्न इतका साधा, इतका रोजचा केल्यामुळेच तो पुढे सुटा निघाला. स्टिकरवर बसतो तो त्या साधेपणामुळेच.

त्यानंतर गावकरी ठाकूरवर उलटतात. जय-वीरूला गब्बरच्या हवाली करा, आमची पोरं का मरावीत? तेव्हा हाच म्हातारा गावाला गप्प करतो. बापाच्या खांद्यावर मुलाचं ओझं म्हणजे काय ते सांगतो, आणि म्हणतो की मी हे ओझं उचलून उभा राहू शकतो तर तुम्ही एका संकटाने खचता कसे? देवाने आपल्याला आणखी मुलं का दिली नाहीत, गावासाठी तीही दिली असती. इतक्यात अजान होते, आणि तो नमाजाला निघतो. सगळ्या चित्रपटाचा निर्णय इथे होतो. हे भाषण कम्युनिस्ट पक्षाच्या जुन्या कार्यकर्त्याने केलंय हे माहीत नसताना ते नुसतं हृदयद्रावक वाटतं. माहीत झाल्यावर मला ते सभेसारखं ऐकू येतं : पांगायला लागलेल्या माणसांना पुन्हा एकत्र धरणारं, हळू आवाजातलं.

*

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. सुरुवातीला थंडा प्रतिसाद, मग तोंडी कीर्ती, मग मुंबईच्या मिनर्व्हात 286 आठवडे. संवादांची ध्वनिमुद्रिका निघाली आणि गणपतीच्या मांडवापासून पानाच्या ठेल्यापर्यंत वाजली. गाण्यांऐवजी संवाद विकत घेऊन ऐकणारी ती पहिली पिढी. वाक्यं प्रसंगापासून सुटी होऊन हिंडायला लागली. कालिया, सांबा, सूरमा भोपाली : विजू खोटे, मॅक मोहन, जगदीप. या सगळ्यांना 'शोले'ने एकेक नाव दिलं आणि त्यांची बाकीची सगळी कामं त्या नावाखाली झाकून टाकली. हंगल त्या पंगतीतलेच.

फरक इतकाच की त्यांना काम कमी पडलं नाही. उलट तेच काम फार पडलं. 'चितचोर' (1976) मधले मधुपूरचे हेडमास्तर चौधरी छान आहेत, मुलीसाठी इंजिनियर जावई म्हणून चुकीच्या माणसाला घरी आणणारे. पण त्यानंतर वर्षानुवर्षं घासलेला कोट, गळ्यात मफलर, गहाण पडलेलं घर, लग्नाची मुलगी. त्यांचं माप इंडस्ट्रीने एकदा घेतलं आणि त्याच मापाचे कपडे शिवत राहिली. 'अर्जुन' (1985) मध्ये ते मुंबईतल्या बेकार तरुणाचे, सनी देओलचे वडील झाले. आडनाव मालवणकर. सियालकोटचा काश्मिरी पंडित मालवणकर झाला तरी कुणाला खटकलं नाही. चाळीच्या जिन्यात तो आपल्याच शेजाऱ्यासारखा दिसला.

एकदाच कुणीतरी ते माप फाडलं. बासू चटर्जींनी 1982 मध्ये 'शौकीन' केला. अशोककुमार, उत्पल दत्त आणि हंगल : तीन चावट म्हातारे, तरण्या पोरीच्या मागे लागून गोव्याला जातात. हंगल त्यात स्वतःला अँडरसन म्हणवून घेतात, सूटबूट घालतात, आणि चोरून बघताना पकडले गेल्यावर जी नजर फिरवतात ती पाहायला हवी. उत्पल दत्तही डाव्या विचारांपायी 1965 मध्ये तुरुंगात जाऊन आलेले. म्हणजे समुद्रकिनाऱ्यावर रती अग्निहोत्रीकडे टक लावून बसलेल्या तिघांतले दोघे माजी राजबंदी! गोव्याच्या किनाऱ्याने असे पर्यटक क्वचितच पाहिले असतील.

*

1993 बद्दल लिहिताना हात जरा आवरतो, कारण त्या वर्षी मुंबईत कुणीच धड मनःस्थितीत नव्हतं. डिसेंबर आणि जानेवारीच्या दंगली, 12 मार्चचे बॉम्बस्फोट. शहर ठणकत होतं. हंगलांनी त्या वर्षी पाकिस्तानचा व्हिसा मागितला. जन्मगाव बघायचं होतं. मुंबईतल्या पाकिस्तानी वकिलातीने पाकिस्तान दिनाच्या समारंभाचं निमंत्रण दिलं आणि ते गेले. त्यावरून शिवसेना खवळली. बाळासाहेब ठाकऱ्यांनी त्यांना देशद्रोही ठरवत त्यांच्या चित्रपटांवर बहिष्काराची हाक दिली. पुतळे जाळले गेले, चित्रपटांतून त्यांचे प्रसंग कापले गेले, निर्मात्यांनी हात आखडते घेतले.

ज्याने इंग्रजांविरुद्ध लढ्यात उमेदीची वर्षं घालवली, ज्याला पाकिस्ताननेच तुरुंगात ठेवलं होतं, त्याला ऐंशीच्या घरात पाकिस्तानधार्जिणा म्हटलं गेलं. वेळ चुकली होती का? चुकली असेल. मुंबई पेटलेली असताना त्या समारंभाला जाणं शहाणपणाचं नव्हतं, असं म्हणणारे त्यांचे हितचिंतकही असतील. पण या वयाच्या राजकीय माणसाला शहाणपण शिकवून उपयोग नसतो. साधारण दोन वर्षं काम जवळपास बंद होतं. 1996 च्या 'तेरे मेरे सपने'पासून ते पुन्हा दिसायला लागले.

2001 मध्ये 'लगान'चे शंभू काका. कच्छमध्ये चित्रीकरण चालू असताना पाठीला मार बसला, तरी ते उभे राहिले आणि काम पुरं केलं. 2005 मध्ये 'पहेली'. 2006 मध्ये पद्मभूषण. इप्टाचं राष्ट्रीय अध्यक्षपद अखेरपर्यंत त्यांच्याकडे होतं, आणि माझ्या समजुतीप्रमाणे त्यांनी स्वतःची ओळख विचारल्यावर सांगितली असती ती हीच.

2011 मध्ये बातम्या आल्या त्या औषधपाण्याच्या. मुलगा विजय, चित्रपटसृष्टीत छायाचित्रकार म्हणून राबलेला, तोही सत्तरी ओलांडलेला. महिन्याचा दवाखाना भागेना. मग मदत आली, अमिताभ-जया बच्चन आणि इतरांकडून. त्याच वर्षी एका फॅशन शोमध्ये ते चाकाच्या खुर्चीतून रॅम्पवर आले. ते दृश्य पाहून काही लोकांना वाईट वाटलं. मला मात्र कपड्यांच्या त्या बाजारात त्या म्हाताऱ्या शिंप्याची नजर कुठल्या शिवणीवर गेली असेल याचंच कुतूहल होतं.

2012 मध्ये 'मधुबाला' या मालिकेत, खुर्चीत बसूनच, त्यांनी छोटंसं काम केलं. तेच शेवटचं.

*

18 जुलै 2012 रोजी राजेश खन्ना गेले. हंगलांनी त्यांच्याबरोबर सोळा चित्रपट केले होते. दुसऱ्या दिवशी वांद्र्यापासून विलेपार्ल्याच्या स्मशानभूमीपर्यंत रस्ता माणसांनी भरला होता, भर पावसात.

ऑगस्टच्या मध्यात हंगल न्हाणीघरात पडले, मांडीचं हाड मोडलं. 26 ऑगस्टला ते गेले. अंत्यसंस्कार विलेपार्ल्यातच. रझा मुराद, अवतार गिल, राकेश बेदी, इला अरुण आले. इप्टाची माणसं आली. पहिल्या फळीतले तारे दिसले नाहीत, आणि कोण कोण आलं नाही याची यादी वाहिन्यांवर दिवसभर फिरत होती.

मधेमधे 'शोले'तला तो तुकडा. मी ज्या वाहिनीवर बघत होतो तिथे तो काठीच्या आवाजापासून सुरू व्हायचा, प्रश्नापर्यंत यायचा आणि पुन्हा पहिल्यापासून लागायचा. चाचा मशिदीकडून यायचे, थांबायचे, विचारायचे. प्रेतापर्यंतची चार पावलं कुणीतरी कापून टाकली होती.